सेंट ल्यूकच्या रविवारचं कोमट सॅलड

गास्तोंने दंतवैद्याला पळवून नेलं हे ओदिलला कळलं, तेव्हा ती अ‍ॅप्रनमध्ये अक्रोड घेऊन कोठीतून येत होती.

“पळवून म्हणजे?”

“म्हणजे गाडीत घालून,” माय्लिस म्हणाली. तुलूझला नर्सिंग शिकणारी ही ओदिलची लेक रविवारी घरी यायची, ती झोपायला. आज तिला सकाळीच उठवलं होतं आणि त्याचा राग तिने अजून सोडला नव्हता. “डॉक्टर आले, मेमेच्या हातात एक पुडकं दिलं, खुर्चीला हात लावला. तेवढ्यात काका म्हणाला, चला डॉक्टर, पारवे उतरलेत, जेवणाआधी परत येऊ. गेले बिचारे. चांगला सूट घालून.”

“आणि तू बघत राहिलीस?”

“मी पायजम्यात होते, आई.”

ऑक्टोबरात रानपारवे थव्याथव्याने डोंगर ओलांडून दक्षिणेला जातात, आणि त्या आठवड्यांत आमच्या जेर्स जिल्ह्यात गवंडी भिंतीचं वचन देत नाही, नोटरी भेटीची वेळ देत नाही. मरणारेही शक्यतो थांबतात, कारण शवपेटी उचलायला माणसं मिळत नाहीत. सेंट ल्यूकच्या दिवशी तर गावात पुरुष म्हणून फक्त पाद्री उरतो, तोही मिस्सा भराभर उरकून शिकारीची झोपडी गाठतो. अशा रविवारी कुणी पाहुणे जेवायला बोलावत नाही. ओदिलने बोलावले होते, आणि ते नजरचुकीने नव्हे. दीर गास्तों झोपडीत असेल, घरात सासू मेमे, दंतवैद्य हेर्वे आणि ती एवढेच असतील, गास्तों परतल्यावर त्याला झालेली गोष्ट सांगता येईल, असा तिचा हिशेब होता. दिराने तो हिशेबच उचलून गाडीत घातला.

“पुडक्यात काय आहे?” चुलीजवळच्या खुर्चीतून मेमेने विचारलं. खरं तर तिने ते उघडून पाहिलं होतं, पण घरातल्या सगळ्यांनी एकदम पाहावं अशी तिची इच्छा होती.

गास्तोंची बायको पोलेत पुढे झाली. ती सकाळपासून मदतीला आली होती, म्हणजे उभी राहून बघत होती. तिने कागद बाजूला सारला.

“लोणी,” ती म्हणाली. मग वास घेऊन, रोगाचं नाव सांगावं तशी म्हणाली, “मिठाचं.”

या घरात अंडं, बटाटा, कोबी, सगळं बदकाच्या चरबीत होतं. कास्तेरा घराण्यात लोणी आलं ते एकदाच, युद्धात, एका जर्मन अधिकाऱ्याबरोबर, आणि दोघंही फार दिवस टिकले नव्हते.

“फाटकाच्या बिजागरीला लावा,” मेमे म्हणाली. “कधीची कुरकुरतेय.”

“त्यांच्या ब्रिटनीत पाहुणा लोणी घेऊन जातो, मेमे. मानाचं असतं ते.”

“मग त्यांच्या बिजागऱ्या चांगल्या असतील.”

ओदिलने अक्रोड टेबलावर ओतले. तिचा नवरा रेमी ट्रॅक्टरखाली गेल्याला आठ वर्षं झाली होती. या आठ वर्षांत तिने सासूबरोबर बदकं वाढवली, बरण्या भरल्या, समातांच्या बाजारात गाळा लावला. दोन वर्षांपूर्वी दाढ दुखली म्हणून ती जिमोंला गेली आणि हेर्वे केरगोआने दाढ काढताना इतका वेळ लावला की पुढच्या सगळ्या गोष्टी त्यातून निघाल्या. लग्न करायला तिला कुणाची परवानगी लागत नव्हती. पण जिमोंला दवाखान्याच्या वर राहायला जायचं, तर मेमे इथे एकटी. हेर्वेने इथे यायचं, तर घर मेमेचं. वसंतात ओदिलने विचारलं तेव्हा मेमे म्हणाली होती, “रेमीच्या घरात दुसरा पुरुष नको.” आणि दुसऱ्या दिवसापासून तिने हेर्वेने बनवलेली नवी कोरी कवळी पेपरमिंटच्या डबीत घालून कपाटात ठेवली. तेव्हापासून ती सूप आणि सुपात बुडवलेला पाव यांवर होती. टोचते म्हणे. ओदिलने हेर्वेला सांगून ठेवलं होतं की आज मेमेला समोरासमोर एकदाच विचारीन. नाही म्हणाली, तर विषय संपला.

“तर सॅलड आधी,” पोलेत म्हणाली. तिने वाढायची बशी उलटी करून पाहिली, जणू चूक खाली लिहिलेली असेल. “सॅलड चीजच्या आधी असतं, ओदिल. शेवटी.”

“आज सुरुवातीला.”

“आणि कोमट.”

“कोमट.”

“कोमट म्हणजे जे गरम राहिलं नाही ते. पाहुण्यासमोर ठेवतात का कुणी?”

“पॅरिसमध्ये ठेवतात म्हणे,” मेमे म्हणाली. “बदकाची छाती आपण चरबीत मंद शिजवून बरणीत घालतो. तव्यावर आपटून आतून लाल खायला आपण काय कोल्हे आहोत?”

“तुम्ही सूपच घेणार आहात ना, मेमे?”

“मी सूपच घेणार आहे. पण मला मत आहे.”

ओदिलने बदकाच्या छातीच्या फाकांवर सुरीने आडव्या-उभ्या रेघा मारल्या, फक्त कातडी आणि चरबी कापली जाईल एवढ्याच, मांसाला धक्का न लावता. मीठ चोळलं. एवढं काम शांतपणे करता येतं. पुढचं मात्र थांबत नाही. तवा चढला की बदक, बदक उतरलं की शिर्का, शिर्का उकळला की पानं, आणि पानांवर तो गरम रस पडला की माणसं खुर्चीवर असली पाहिजेत. नाहीतर ताटात ओलं गवत उरतं. म्हणजे या घरात ते व्हायचंच नव्हतं. कास्तेरा मंडळी एका वेळी टेबलाशी बसल्याचं कुणालाच आठवत नव्हतं.

“काका त्यांना संध्याकाळपर्यंत सोडणार नाही,” माय्लिस म्हणाली. “हे तुलाही माहितेय, काकू.”

“मला काय माहीत?” पोलेत म्हणाली. “गास्तों सकाळी एवढंच म्हणाला, की रेमीच्या खुर्चीत ब्रिटनीचा ब्रेटन बसलेला मी बघणार नाही. माझं म्हणशील तर मी कुणाच्या भानगडीत पडत नाही. पण विधवेने जरा...”

“मग आई जिमोंला जाणार.”

“जाऊ दे की. तिचं आयुष्य.”

“आणि मेमे तुमच्याकडे येणार.”

पोलेतचा हात बशीवरच राहिला. चुलीजवळून मेमेने तिच्याकडे पाहिलं. दातांशिवायचं तिचं हसू फार गोड दिसायचं.

“पोलेत, तुझ्याकडे खालची खोली आहे ना गं?” मेमे म्हणाली. “स्वयंपाकघराला लागून. मला रात्री झोप लागत नाही. मी बोलत बसेन.”

पोलेतने बशी ठेवली, बाह्या वर केल्या आणि छोटे कांदे पुढे ओढले. “बारीक कापू की पातळ?” तिने ओदिलला विचारलं. “आणि ही पानं अजून धुतली नाहीत? ते येतील ना एवढ्यात!”

*

टेकडीवरच्या ओकांत गास्तोंची झोपडी होती. बाहेरून नेच्यांचा ढीग, आत दोन बाकं, एक शेगडी, सॉसेज आणि वाइन. झोपडीपासून नेच्यांनी शाकारलेले बोगदे झाडीत पसरले होते, कारण पारव्यांना माणूस दिसता कामा नये. वर फांद्यांवर डोळे झाकलेली पाळीव कबुतरं बसवलेली. दोरी ओढली की ती पंख फडफडवत आणि वरून जाणाऱ्या थव्याला वाटे, इथे कुणीतरी सुखात आहे. मग थवा झाडांवर बसे, आणि तिथून त्याला हळूहळू जमिनीवर, जाळ्याच्या टप्प्यात उतरवायचं. यात कधी अर्धा दिवस जाई. तोपर्यंत हलायचं नाही, खोकायचं नाही, आणि उठून जायचं तर नाहीच. थवा बसलेला असताना झोपडीतून निघणाऱ्या माणसाशी इथे लोक पुढच्या पिढीतही बोलत नाहीत.

गास्तोंला हा नियम आज फार आवडत होता.

“सॉसेज घ्या, डॉक्टर,” तो कुजबुजला.

“नको. भूक राखतोय.”

“कशाला?”

“सॅलडला.”

गास्तोंने दोरी हलकेच ओढली. हा माणूस ओळखायला अवघड होता. वर्षापूर्वी याच्या खुर्चीत तोंड उघडं टाकून पडलेला असताना याने गास्तोंला विचारलं होतं, ‘दुखतंय का?’ आणि गास्तोंने ‘नाही’ म्हटलं होतं. ते खोटं होतं हे जगात फक्त दोघांना माहीत होतं. असा माणूस घरात यायला नको.

“स्पष्ट सांगतो,” गास्तों म्हणाला. “टेबलाच्या टोकाची खुर्ची माझ्या भावाची आहे. तिच्यात बसायचं नाही.”

“मी माझी आणीन,” हेर्वे म्हणाला. “मागे झुकते.”

गास्तोंला हसू आलं आणि त्याने ते रागाने गिळलं. मग वर सावली फिरली. निळसर राखाडी, मोठा थवा. ओकांवरून एकदा पुढे गेला, वळला, आणि झाडं एकदम जड झाली. असा थवा तीन-चार वर्षांत बसला नव्हता.

खाली गावात मिस्सा सुटल्याची घंटा वाजली.

“तुम्ही मला मुद्दाम आणलंत,” हेर्वे अगदी हळू म्हणाला.

“हो.”

“आणि आता मी उठलो, तर पारवे उडतील, आणि गावातलं कुणी माझ्याकडे दात दाखवायला येणार नाही.”

“बरोबर समजलात.”

हेर्वेने थोडा विचार केला. मग चष्मा काढून खिशात ठेवला, टाय शर्टात खोचला, आणि चार पायांवर होऊन मागच्या बोगद्यात शिरला. गास्तों बघतच राहिला. आधी डॉक्टरांचा सूट घातलेला पार्श्वभाग दिसत होता, मग बुटांचे तळवे, मग फक्त नेचे. एक पान हललं नाही. वर एकही पारवा उडाला नाही.

ओरडता येत नव्हतं. मागे जाता येत नव्हतं. दोरी त्याच्या हातात होती आणि नियम त्याचाच होता.

*

ओदिलने तवा चुलीवर ठेवला तेव्हा मेमे मनात म्हणाली, ही आता वाट बघणार नाही. सून चिडली की तिच्या मानेवर एक शीर उठायची. मेमेला ती शीर आवडायची. रेमीलाही आवडायची बहुतेक.

बदक थंड तव्यात, कातडी खाली. हळूहळू चरबी सुटू लागली, चरचर वाढली, ओदिल ती चरबी बरणीत ओतून घेत राहिली. हात बरोबर होता, हे मेमेला मान्य करावं लागलं. कातडी सोनेरी झाल्यावर फाका उलटल्या, जेमतेम, आणि फडक्याखाली विसाव्याला काढल्या. त्याच तव्यात बरणीतले बदकाचे पेटे, पातळ काप करून. अक्रोड. पोलेतचे कांदे, जे तिने इतके बारीक कापले होते की त्यांचा पत्ताच लागेना.

“ते आले नाहीत तर?” माय्लिसने विचारलं.

“तर आपण चौघी खाऊ,” ओदिल म्हणाली. “तिघी.”

फाटक कुरकुरलं.

हेर्वे केरगोआ दारात उभा राहिला. केसांत नेचे, टाय शर्टात, गुडघे काळे, आणि उजवा हात कोपरापर्यंत ओला. पोलेतने क्रूसाची खूण केली.

“उशीर झाला का?” त्याने विचारलं.

“गास्तों कुठाय?” मेमे म्हणाली.

“झोपडीत. थवा बसलाय. मोठा.”

पोलेतने पुन्हा क्रूसाची खूण केली. माय्लिसनेसुद्धा, तुलूझमध्ये एवढी वर्षं काढून, खिडकीतून टेकडीकडे पाहिलं.

“थवा बसलाय,” मेमे सावकाश म्हणाली, “आणि तुम्ही उठून आलात.”

“उठलो नाही, मादाम. रांगत आलो. एकही उडाला नाही.”

“कुठल्या बोगद्यातून?”

“मागच्या. लांब आहे तो. शेवटी ओढा आहे, हे कुणी सांगितलं नव्हतं.”

मेमेने त्याच्या गुडघ्यांकडे पाहिलं. तो बोगदा रेमीने बांधला होता, लग्न झालं त्या शरदात. बापाने विचारलं, इतका लांब कशाला? तर म्हणाला, पारवे मागूनही येतात. मागून पारवा कधीच आला नाही. पण त्या हंगामात रेमी रोज दुपारी गुडघे काळे करून याच दारात उभा राहायचा, बायकोच्या हातचं गरम जेवायला, आणि म्हातारा तिकडे दोरी धरून त्याला शिव्या हासडायचा, तोंडातल्या तोंडात, कारण थवा बसलेला असायचा. गास्तोंने तो बोगदा आयुष्यात वापरला नाही. त्याला घरी यायची घाई कधी नव्हती.

हे तिने कुणाला सांगितलं नाही. “हात धुवा,” एवढंच म्हणाली. “आणि बसा. ती शिर्का ओतायला थांबलीय.”

ओदिल खरंच थांबली होती, बाटली तिरपी धरून. तिने शिर्का तव्यात ओतला. वाफ उठली, सगळ्यांच्या डोळ्यांत पाणी आलं, जे पुष्कळांच्या सोयीचं होतं. तव्याच्या बुडाला धरलेलं सगळं खरवडून निघालं. अक्रोडाचं तेल. मग कुरळी पानं मोठ्या भांड्यात, त्यावर तो फेसाळता रस, दोन चमच्यांनी वर-खाली, वर-खाली; बदकाच्या फाकांचे तिरपे काप, आतून गुलाबी, पंख्यासारखे वर. लसूण चोळून चरबीत तळलेले पावाचे तुकडे. रविवारच्या पांढऱ्या बश्या. ते सॅलड दिसतच असं होतं की माय्लिसने केस नीट केले.

हेर्वे टेबलाच्या टोकाच्या खुर्चीजवळून गेला आणि बाजूच्या बाकावर बसला. मेमेने ते पाहिलं.

तिच्यासमोर नेहमीचं सूप होतं.

मग सगळे खाऊ लागले. पानांचा कुरकुर आवाज, अक्रोडाचा कटकट आवाज. पोलेत, जी कोल्ह्यांच्या बाजूची नव्हती, तिने डोळे मिटले होते. “अगं बाई,” ती म्हणाली, “कोमट म्हणजे हे होय!”

“पेटे कुणी कापले?” हेर्वेने विचारलं.

“मी,” माय्लिस म्हणाली.

“ऑपरेशनला उभी राहशील.”

मेमेने सुपात चमचा फिरवला. कोबी, बटाटा, पाव. वसंतापासून कोबी, बटाटा, पाव. शिर्क्याचा, चरबीचा, भाजलेल्या कातडीचा वास सरळ तिच्या नाकात येत होता, आणि तिच्या स्वतःच्या टेबलावर चार माणसं तिच्या स्वतःच्या बदकाची कुरकुरीत कातडी चावत होती. एक तर आतून लाल असलेलं बदक बेचव असतं, किंवा ती सहा महिने मूर्खपणा करत होती. हे न चाखता ठरवता येत नव्हतं.

ओदिलने सुरी खाली ठेवली. हात अ‍ॅप्रनला पुसले. “मेमे,” ती म्हणाली, “मला सगळ्यांसमोर एक विचारायचंय.”

“थांब,” मेमे म्हणाली आणि उठली.

ती कपाटापाशी गेली. सगळ्यांकडे पाठ केली. पेपरमिंटच्या डबीचं झाकण उघडल्याचा आवाज आला, मग नळाचा, मग बराच वेळ काहीच नाही, मग एक खट्कन आवाज. हेर्वे मान खाली घालून बशीकडे बघत राहिला. धंद्यातला माणूस होता. अशा वेळी बघायचं नसतं हे त्याला ठाऊक होतं.

मेमे परत येऊन बसली. सुपाची वाटी तिने बाजूला सारली.

“वाढ,” ती ओदिलला म्हणाली. “कातडीकडचं दे.”

*

गास्तोंला वाटेत तीन वेळा स्वतःचं कौतुक वाटलं. जाळं टाकलं होतं, दोन हातांत पारव्यांच्या जुड्या होत्या, आणि त्या ब्रेटनची गोष्ट गावभर सांगायला मिळणार होती. डॉक्टर अर्ध्या वाटेत चिखलात अडकला असेल; ओदिलचं गवत वाळून गेलं असेल; आईने तोंड वाकडं केलं असेल. फाटक त्याने पायाने ढकललं. नेहमीसारखंच कुरकुरलं.

“बघा!” तो दारातून म्हणाला. “काय आणलंय बघा!”

कुणी बघितलं नाही. मोठं भांडं रिकामं होतं आणि त्याची बायको पावाच्या तुकड्याने त्याचा तळ पुसत होती, तन्मय होऊन. डॉक्टर बाकावर होता, केसांत नेचे घालून, भावाच्या खुर्चीपासून दोन हात लांब. ओदिल रडत होती किंवा हसत होती. आणि चुलीकडच्या बाजूला त्याची आई बसली होती, हनुवटीवर तेल, आणि काहीतरी चावत होती. करकर. जोरात.

तिने मान वर करून त्याच्याकडे पाहिलं आणि हसली. पांढरेशुभ्र, एकसारखे, अख्खे दात. गास्तोंने आईचे असे दात कधी पाहिले नव्हते. ते कुणी बनवलेत हे त्याला माहीत होतं.

“थवा उडवला का रे याने?” तिने विचारलं.

खोटं बोलायची संधी होती. गास्तोंने डॉक्टरकडे पाहिलं. डॉक्टर बशीकडे बघत होता, या वेळी काहीच न विचारता.

“नाही,” गास्तों म्हणाला. “एकही नाही.”

“मग बस. सूप आहे तुला. माझंच आहे, थंड झालंय जरा.” मेमेने जिभेने डावा कोपरा चाचपला. “डॉक्टर, इथे टोचतंय. खरंच टोचतंय, वसंतापासून सांगतेय.”

“उद्या बघतो, मादाम.”

“सकाळी बघा. माय्लिस, ते लोणी खिडकीत ठेव, गार जागेत. वितळतंय.” आणि पावाचा शेवटचा तुकडा पोलेतच्या हातून काढून घेत ती म्हणाली, “सकाळी पावाला लागेल त्यांना.”